शिकायचा तास कुणाच्या घड्याळात?

खराडीकडून वाघोलीकडे येताना नगर रस्त्यावर ट्रॅफिक इतकं हळू सरकतं की दोन्ही बाजूंचे बोर्ड पाठ होतात. बिर्याणी, टू बीएचके, टायर पंक्चर, आणि मग क्लासेस. आधी फुल स्टॅक होतं, मग डेटा सायन्स आलं, मग क्लाउड, आता एआय. बोर्डाच्या खालच्या कोपऱ्यात बॅचच्या वेळा लिहिलेल्या असतात. त्या नीट वाचल्या तर एक गोष्ट लक्षात येते. 'वीकेंड बॅच' आणि 'रात्रीची बॅच' कॉलेजच्या पोरांसाठी नसतात. आधीच नोकरी असलेल्या आणि ती टिकवायची असलेल्या माणसांसाठी त्या असतात.

मी त्यांच्यातलाच एक. सॉफ्टवेअर इंजिनिअर, तिशीच्या जरा अलीकडे, वाघोलीत भाड्याने राहणारा. आमच्या धंद्यात 'अपस्किल व्हा' हे वाक्य 'चहा घेणार का' इतक्या सहजपणे म्हटलं जातं. मीटिंगमध्ये, मेलमध्ये, अप्रेझलच्या फॉर्ममध्ये, सगळीकडे. शब्द नवा असल्यामुळे ही गोष्टही नवी आहे असं वाटतं. जणू आधीच्या पिढ्या एकदा काय ते शिकल्या आणि निवृत्तीपर्यंत त्यावरच जगल्या, आणि सतत नवीन शिकायची वेळ आपल्यावरच पहिल्यांदा आली.

तसं अजिबात नाही. गेल्या शंभर-सव्वाशे वर्षांत महाराष्ट्रातल्या कामगारांना, कारकुनांना आणि मिस्त्रींना कितीतरी वेळा नव्याने शिकावं लागलं आहे. नांगर करणाऱ्याने पंप करायला शिकलं. दोन माग सांभाळणाऱ्याला तीन सांभाळायला सांगितलं गेलं. लेजरात शाईने आकडे लिहिणारा कीबोर्डवर आला. मी हा सगळा इतिहास एकच प्रश्न हातात धरून वाचत गेलो: शिकायचा तास कुणाच्या घड्याळात मोजला जात होता? मालकाच्या, की कामगाराच्या? म्हणजे शिकताना पगार चालू होता की नव्हता? आणि शिकून झाल्यावर पुढे काम होतं की नव्हतं?

कुंडल रोडचं माळरान

सुरुवात करायला लक्ष्मणराव किर्लोस्करांइतका चांगला माणूस मिळणार नाही, कारण त्यांचं स्वतःचं आयुष्यच रीस्किलिंगचा नमुना आहे. जन्म १८६९ चा, बेळगाव जिल्ह्यातला. चित्रकार व्हायचं म्हणून मुंबईला जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये गेले. तिथे कळलं की डोळ्यांना रंगांतला फरक नीट दिसत नाही. मग रंग सोडून यांत्रिक ड्रॉइंगकडे वळले आणि व्हिक्टोरिया ज्युबिली टेक्निकल इन्स्टिट्यूटमध्ये, म्हणजे आपल्या व्हीजेटीआयमध्ये, शिकवू लागले. हक्काची बढती दुसऱ्याला मिळाली तेव्हा नोकरी सोडून बेळगावला आले आणि भावाबरोबर सायकलींचा धंदा सुरू केला. तिथून कडबा कापायचं यंत्र, आणि तिथून लोखंडी नांगर. लोखंडाने जमीन बिघडते अशी शेतकऱ्यांची समजूत होती, त्यामुळे पहिले नांगर बराच काळ पडूनच राहिले.

बेळगावातली जागा सोडायची वेळ आली तेव्हा औंध संस्थानच्या पंतप्रतिनिधींनी कुंडल रोड स्टेशनजवळ जमीन दिली. (हे सातारकडचं औंध, आपल्या बाणेरशेजारचं नव्हे.) १९१० मध्ये तिथे किर्लोस्करवाडी उभी राहायला लागली. जागा म्हणजे माळरान, निवडुंग आणि साप. कारखान्याला हवे होते टर्नर, फिटर आणि साचे करून ओतकाम करणारी माणसं. आजूबाजूच्या गावांत होते शेतकरी, सुतार आणि लोहार. तयार कामगार मुंबईहून आणायचे म्हटले तर परवडणार कसे, आणि आले तरी त्या माळावर टिकणार कसे?

म्हणून होते त्याच माणसांना शिकवायचं ठरलं. लक्ष्मणरावांचे सुरुवातीचे सहकारी पाहिले तर आजच्या एचआरने त्यांतले अर्धे रेझ्युमेवरूनच बाद केले असते. शाळेत फारसे न चमकलेले अनंतराव फळणीकर पुढे कारखान्यात कल्पक इंजिनिअर म्हणून ओळखले गेले. शंभुअण्णा जांभेकर यंत्रांचं काम पाहत. शिक्षा भोगून आलेल्या माणसांना तर चक्क कारखान्याच्या पहाऱ्यावर ठेवलं होतं. माणूस आज काय जाणतो यापेक्षा तो काय शिकू शकेल, हे पाहून माणसं घेतली गेली.

यात लक्ष्मणरावांचा मोठेपणा होताच, पण नुसत्या मोठेपणावर कारखाना चालत नाही. इथे मालकाची गरज होती. बाजारात तयार कारागीर मिळत नव्हता, त्यामुळे कारागीर घडवण्याचा खर्च कारखान्याला करावाच लागला. शेतकऱ्याचा पोरगा लेथवर उभा राहून लोखंड वाया घालवायचा, ते लोखंड कारखान्याचं असायचं, आणि वाया घालवतानाच्या दिवसाची मजुरीही त्याला मिळायची. शिकायचा तास मालकाच्या घड्याळात होता.

किर्लोस्करवाडीची आणखी एक गोष्ट मला फार आवडते. १९२० मध्ये शंकरराव किर्लोस्करांनी तिथून 'किर्लोस्कर खबर' नावाचं पत्रक सुरू केलं. कंपनीची बातमीपत्रिका म्हणा, आजच्या भाषेत इंटर्नल न्यूजलेटर. त्याचंच पुढे 'किर्लोस्कर' मासिक झालं. १९३० मध्ये त्याच घरातून 'स्त्री' निघालं आणि काही वर्षांनी 'मनोहर'. मराठी मध्यमवर्गाला काय वाचावं आणि कसा विचार करावा हे शिकवणारी मासिकं पंप आणि नांगर बनवणाऱ्या कारखान्यातून निघाली. तुमच्या कंपनीचं न्यूजलेटर शेवटचं कधी उघडलं होतंत, आठवतंय?

शेजारच्या मागावर

त्याच काळात मुंबईच्या गिरण्यांत शिकायची पद्धत अगदी उलटी होती. तिथे माणसांचा तुटवडा नव्हता. कोकणातून आणि घाटावरून लोक येतच होते. गिरणीत चिकटवून देणारा असायचा जॉबर. नवा माणूस गावच्या किंवा नात्यातल्या कुणाच्या तरी ओळखीने आत शिरायचा, त्याच्या मागाशेजारी उभा राहायचा, तुटलेला धागा जोडायला शिकायचा, पडेल ते काम करायचा. हात बसला की बदली कामगार म्हणून रोज सकाळी गिरणीच्या दाराशी हजर. आज कुणी गैरहजर असेल तर काम, नाहीतर घरी. शिक्षण कामगाराच्या वेळेत आणि कामगाराच्याच खर्चाने व्हायचं. खाणावळीत ज्याचं उधार चालायचं, त्याचं शिक्षण चालायचं.

मग १९२० च्या दशकात मंदी आणि जपानी कापडाची स्पर्धा आली, तेव्हा मालकांनी 'कार्यक्षमता' वाढवायला घेतली. विणकराने दोनऐवजी तीन माग सांभाळायचे, सूत कातणाऱ्याने यंत्राची एक बाजू सांभाळायची त्याऐवजी दोन. कागदावर हे कौशल्य वाढवणंच होतं. पण कापसाची प्रत सुधारणार का, धागा कमी तुटेल याची सोय होणार का, जास्त मागांची जास्त मजुरी मिळणार का आणि उरलेल्या माणसांचं काय, या प्रश्नांची कामगारांना पटतील अशी उत्तरं मिळाली नाहीत. १९२८ मध्ये मुंबईच्या गिरण्या एप्रिलपासून ऑक्टोबरपर्यंत जवळजवळ सहा महिने बंद राहिल्या. त्याच संपातून गिरणी कामगार युनियन, लोक जिला लाल बावटा म्हणत, ती उभी राहिली.

हा संप शाळेत 'कामगार चळवळ' या धड्यात शिकवला जातो. माझ्या डोक्यात तो आता वेगळ्या कप्प्यात आहे. नवीन तंत्राला विरोध, एवढंच त्याचं वर्णन पुरत नाही. 'जास्त करायला शिका' एवढंच सांगितलं आणि बाकीच्या अटी मोघम ठेवल्या की काय होतं, याचं ते मोठं उदाहरण आहे.

कायद्यातलं एक वाक्य

स्वातंत्र्यानंतर हा प्रश्न कायद्याच्या पुस्तकात आला. १९६१ चा शिकाऊ उमेदवार कायदा, म्हणजे अप्रेंटिसेस ॲक्ट, १ मार्च १९६२ पासून लागू झाला. ठरावीक उद्योगांनी ठरावीक संख्येने शिकाऊ उमेदवार घ्यायचे, त्यांना विद्यावेतन द्यायचं आणि हाताच्या कामाबरोबर वर्गातलं शिक्षणही द्यायचं. आयटीआयमधून बाहेर पडलेल्या कितीतरी फिटर-टर्नर पोरांचं पहिलं पाकीट या कायद्यामुळे आलं.

या कायद्याच्या दहाव्या कलमात एक साधं वाक्य आहे. त्याचा अर्थ असा: शिकाऊ उमेदवार वर्गात बसून जो वेळ घालवेल, तो त्याच्या पगारी कामाच्या वेळेचाच भाग धरला जाईल. मी ते वाक्य दोनदा वाचलं. वर्गात फळ्यासमोर बसलेला अठरा वर्षांचा पोरगा त्या तासाला एकही नट घट्ट करत नाहीये, तरी तो तास कामाचाच आहे, असं कायदा म्हणतो.

त्याच कायद्यात दुसरी बाजूही होती. शिकवून झाल्यावर उमेदवाराला नोकरी द्यायचं बंधन मालकावर नव्हतं. म्हणजे पहिल्या प्रश्नाचं उत्तर कायद्याने दिलं आणि दुसरा प्रश्न मोकळा सोडला.

याच दशकात पुण्याच्या दुसऱ्या टोकाला, पिंपरी-चिंचवडकडे, टेल्को आली. आजची टाटा मोटर्स. सुमंत मुळगावकरांच्या नेतृत्वाखाली १९६६ च्या सुमारास पुण्यातलं काम सुरू झालं. पण पुण्यात बनलेलं पहिलं व्यावसायिक वाहन बाहेर पडलं १९७७ मध्ये. मधल्या दहा-अकरा वर्षांत काय चाललं होतं? आधी संशोधन केंद्र, मशीन टूल्स, साचे, टूलरूम, आणि ती यंत्रं चालवणारी माणसं. ट्रक बनवण्याआधी ट्रक बनवणाऱ्या गोष्टी बनवायच्या, आणि त्या बनवणारी माणसं आपल्याच प्रशिक्षण केंद्रात तयार करायची, असा तो क्रम होता. दर तीन महिन्यांनी आकडे दाखवावे लागणाऱ्या आजच्या कंपनीत हा क्रम कुणी मांडला तर मीटिंग पाच मिनिटांत संपेल.

अशा मोठ्या कारखान्यांत शिकलेली माणसं तिथेच अडकून राहिली नाहीत. भोसरी-चिंचवडच्या गाळ्यांमधून जी लहान वर्कशॉप्स उभी राहिली, त्यांच्या मालकांना विचारा. आधी कुठे होता, याच्या उत्तरात टेल्को, बजाज, किर्लोस्कर ही नावं पुन्हा पुन्हा येतात. एका कंपनीने शिकवण्यावर केलेला खर्च साऱ्या शहराच्या कामी आला.

पण हे दार सगळ्यांना उघडं नव्हतं. १९७४ मध्ये टेल्कोची इंजिनिअर भरतीची जाहिरात बंगळूरच्या इंडियन इन्स्टिट्यूट ऑफ सायन्समध्ये लागली, तिच्यात स्त्रियांनी अर्ज करू नये अशी सूचना होती. तिथे शिकणाऱ्या सुधा कुलकर्णी, म्हणजे आजच्या सुधा मूर्ती, यांनी थेट जे. आर. डी. टाटांना पोस्टकार्ड लिहून जाब विचारला. त्यांना पुण्याला मुलाखतीला बोलावलं गेलं आणि नोकरी मिळाली. गोष्ट प्रसिद्ध आहे आणि प्रेरणादायी म्हणून सांगितली जाते. मला तिच्यातून आणखी एक गोष्ट दिसते: कंपनी ज्याला शिकवण्यालायक समजते, त्यालाच शिकायचा पगारी तास मिळतो. बाकीच्यांना पोस्टकार्ड लिहावं लागतं.

लेजर आणि कीबोर्ड

आता बँकांकडे येऊ, कारण आपल्या आई-वडिलांच्या पिढीने रीस्किलिंग जवळून पाहिलं ते बँकेच्या काउंटरवर.

संगणकाआधीची शाखा कशी चालायची, ते निवृत्त बँकवाल्यांकडून ऐकण्यासारखं असतं. तुमचा चेक आला की टोकन मिळायचं. कारकून भलंमोठं लेजर उघडायचा, तुमचं पान काढायचा, सही पडताळायचा, शाईने नोंद करायचा आणि नवी शिल्लक मनातल्या मनात काढून लिहायचा. दिवसअखेर सगळ्या व्हाउचरांची बेरीज लेजराशी जुळलीच पाहिजे. एका रुपयाचा फरक आला तरी तो सापडेपर्यंत माणसं घरी जात नसत. हे कौशल्यच होतं, आणि वर्षानुवर्षांच्या सरावाने आलेलं होतं.

या माणसांना संगणक दाखवला तेव्हा त्यांनी विरोध केला. आज आपण त्यावर हसतो. पण त्यांचा प्रश्न हसण्यासारखा नव्हता: माझं काम यंत्र करणार असेल, तर मी काय करायचं? बँक कर्मचाऱ्यांच्या संघटना मजबूत होत्या. त्यांनी नुसता विरोध करून न थांबता हा प्रश्न वाटाघाटीच्या टेबलावर ठेवला.

८ सप्टेंबर १९८३ रोजी इंडियन बँक्स असोसिएशन आणि कर्मचारी संघटना यांच्यात यांत्रिकीकरणाचा करार झाला. रिझर्व्ह बँकेचे तेव्हाचे डेप्युटी गव्हर्नर सी. रंगराजन यांच्या समितीने १९८४ मध्ये शाखांमध्ये यंत्रं कशी आणायची याचा आराखडा दिला. त्यांच्याच दुसऱ्या समितीचा अहवाल १९८९ मध्ये आला. मधे १९८७ मध्ये आणि नंतर १९९३ मध्ये पुन्हा करार झाले. आधी लेजर पोस्टिंगची यंत्रं आली, मग शाखेतले संगणक, मग एकमेकांना जोडलेल्या शाखा.

हे करार वाचायला रटाळ आहेत आणि म्हणूनच मला ते महत्त्वाचे वाटतात. कोणतं यंत्र, किती आणि कुठे बसवायचं, हे त्यांत ठरवलेलं आहे. यंत्र आलं म्हणून कुणाची नोकरी जाणार नाही, हा त्यांचा गाभा आहे. यंत्रावर बसणाऱ्या कर्मचाऱ्याला विशेष भत्ता आहे. म्हणजे नवीन कौशल्य शिकलास तर महिन्याच्या पगारात त्याची वेगळी ओळ दिसेल. बाहेरून संगणकवाले आणून जुन्यांना घरी बसवण्याऐवजी लेजर लिहिणाऱ्यांनाच यंत्रावर बसवलं गेलं. पुण्यात लोकमंगलमध्ये मुख्यालय असलेली बँक ऑफ महाराष्ट्र असो की दुसरी कुठली सरकारी बँक, चाळिशीतले कारकून बँकेच्या खर्चाने, बँकेच्या वेळेत, एका बोटाने टाइप करत संगणक शिकले.

याची किंमतही होती, ती लपवण्यात अर्थ नाही. सगळं फार हळू झालं. ग्राहक रांगेत उभे राहिले. खाजगी बँका १९९० च्या दशकात पहिल्या दिवसापासून संगणक घेऊन आल्या तेव्हा सरकारी बँका करारांची कलमं मोजत होत्या. शेवटी केंद्रीय दक्षता आयुक्तांनी बजावलं की २००१ च्या सुरुवातीपर्यंत सत्तर टक्के कामकाज संगणकावर आलं पाहिजे. आणि २०००-०१ मध्ये स्वेच्छानिवृत्ती योजना आली. सरकारी बँकांतल्या एक लाखाहून अधिक कर्मचाऱ्यांनी ती घेतली. म्हणजे 'कुणाला काढणार नाही' हे वचन पाळलं गेलं, आणि तरीही एवढी माणसं एका फटक्यात बाहेर पडली.

तरी हिशोब मांडला तर त्या कारकुनांच्या हातात काय होतं ते पाहा. जवळजवळ वीस वर्षांचा अवधी. शिकतानाचा पगार. शिकल्याबद्दलचा भत्ता. आणि जाताना रक्कम. हे कुणी दयाबुद्धीने दिलं नव्हतं. एकेका करारात बसून, भांडून, लिहून घेतलं होतं.

निधी आला, शिक्षण आलं नाही

ज्यांना लिहून घेता आलं नाही, त्यांचं काय झालं? पुन्हा गिरणगावात जावं लागेल.

१८ जानेवारी १९८२ रोजी दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली संप सुरू झाला. साठाहून अधिक गिरण्या, सुमारे अडीच लाख कामगार. त्या संपाची कहाणी सगळ्यांना माहीत आहे, ती पुन्हा सांगत नाही. माझा मुद्दा त्यानंतरच्या दहा वर्षांचा आहे. यंत्रमागावर काम गेलं, गिरण्या एकेक करून थंडावल्या. ज्या माणसाला सुताच्या आवाजावरून कुठे काय बिघडलं ते कळायचं, तो सोसायटीच्या गेटवर वॉचमन झाला किंवा भाजीची गाडी लावायला लागला.

सरकारला प्रश्न दिसत नव्हता असं नाही. १९९२ मध्ये केंद्राने राष्ट्रीय नूतनीकरण निधी स्थापन केला. बंद पडणाऱ्या आणि बदलणाऱ्या उद्योगांतल्या कामगारांना भरपाई द्यायची, पुन्हा शिकवायचं आणि दुसरीकडे कामाला लावायचं, असा त्याचा हेतू होता. प्रत्यक्षात निधीतला मोठा हिस्सा स्वेच्छानिवृत्तीच्या रकमा देण्यात गेला. पुन्हा शिकवण्यावर त्यातला फार थोडा खर्च झाला. पन्नाशीच्या विणकराला चार पैसे देऊन घरी पाठवणं सोपं होतं. त्याला नवीन काम शिकवून त्या कामाची जागा दाखवणं अवघड होतं, कारण शिकवणारा, पगार देणारा आणि नोकरी देणारा हे तिघे आता तीन वेगळ्या ठिकाणी होते. किर्लोस्करवाडीत ते एकच होते.

याचं उदाहरण शोधायला मला मुंबईपर्यंत जायचीही गरज नाही. वाघोली २०२१ मध्ये पुणे महापालिकेत आली. त्याच्या कितीतरी आधीपासून पुण्याच्या बांधकामांना इथल्या दगडखाणींची खडी गेली आहे. ती फोडणारे हात वडार समाजाचे आणि बाहेरून आलेल्या मजुरांचे होते. दगडाची शीर ओळखून नेमका कुठे घाव घालायचा, हे पिढ्यांनी कमावलेलं ज्ञान. क्रशर आणि ब्रेकर आले तेव्हा त्या हातांना कुणी अपस्किलचा मेल पाठवला नाही. आमच्या सोसायटीचं काँक्रीट ज्या खडीवर उभं आहे, तिच्या इतिहासात प्रशिक्षणाचा तास हा शब्दच नाही.

आमची पाळी

आता आयटी. आमचा धंदा या बाबतीत बराच काळ किर्लोस्करवाडीच्या बाजूला होता, हे आज विसरलं जातं. मी मेकॅनिकलचा पदवीधर. थर्मोडायनॅमिक्स शिकून आलेला. मला कंपनीने घेतलं, दुसऱ्या शहरात नेलं, तीन महिने वर्गात बसवून जावा आणि डेटाबेस शिकवला आणि पहिल्या दिवसापासून पगार दिला. सिव्हिल, इलेक्ट्रिकल, केमिकलची पोरं माझ्याबरोबर होती. देशातल्या मोठ्या आयटी कंपन्यांनी वर्षानुवर्षं हेच केलं. कारणही तेच होतं जे १९१० मध्ये होतं: एवढे तयार प्रोग्रामर बाजारात नव्हते, म्हणून ते घडवण्याचा खर्च कंपनीला करावा लागला.

पण हा पगारी तास नव्या माणसासाठी असतो. सात-आठ वर्षं काम केल्यावर काय, याचं एक उदाहरण माझ्या ओळखीचं आहे. एक सहकारी, मॅन्युअल टेस्टिंगचा नऊ वर्षांचा अनुभव. सॉफ्टवेअर कुठे मोडेल याचा तिला असा वास येतो की डेव्हलपर तिला घाबरतात. तिच्या कंपनीने सांगितलं: मॅन्युअलची कामं कमी होणार, तिमाहीअखेर ऑटोमेशन शिका. व्हिडिओ कोर्सची लिंक आली, लायसन्स फुकट. वेळ मात्र मिळाला नाही. प्रोजेक्टचे आठ-नऊ तास तसेच राहिले. तिचा अभ्यास सुरू व्हायचा रात्री साडेदहानंतर, मुलगी झोपल्यावर. तीन महिन्यांत तिने तो कोर्स पूर्ण केला. टाइमशीटमध्ये त्या तीन महिन्यांतले शिकण्याचे तास: शून्य.

लायसन्स दिलं म्हणजे कंपनीने प्रशिक्षण दिलं असं आता मानलं जातं. पण व्हिडिओ आज जवळपास फुकटच मिळतात. महाग आहे तो वेळ. आणि वेळाचं बिल कुणी भरायचं हे न बोलता ठरून गेलं आहे. ज्याच्या घरी लहान मूल नाही, आजारी आई-वडील नाहीत, स्वयंपाक आयता मिळतो, तो 'लर्निंग माइंडसेट'वाला ठरतो. बाकीचे मागे पडतात आणि तो त्यांच्या स्वभावाचा दोष धरला जातो.

दुसरीकडे हा प्रश्न कसा हाताळला गेला, तेही पाहण्यासारखं आहे. फ्रान्सने १९७१ मध्ये कायदा करून मालकांवर बंधन घातलं की पगारावरच्या खर्चाचा एक हिस्सा, सुरुवातीला ०.८ टक्के, कामगारांच्या शिक्षणावर खर्च करायचा. २०१५ पासून तिथे प्रत्येक काम करणाऱ्याच्या नावाने शिक्षणाचं खातं आहे. नोकरी बदलली तरी ते त्याच्याबरोबर जातं. सुरुवातीला त्या खात्यात तास जमा होत. २०१९ पासून त्याऐवजी युरो जमा होतात. या बदलावर तिथे वाद झाला, पण वाद घालायला निदान खात्यावर काहीतरी होतं.

आमच्याकडे बँकवाल्यांसारखी संघटना नाही. ती असावी की नसावी यावर आमच्या लंच टेबलावर रोज दोन तट पडतात. पण इतिहास वाचून माझ्यापुरतं एक स्पष्ट झालं. शिकण्याची इच्छा माणसांत नेहमीच होती, माळरानावरच्या शेतकऱ्यातही आणि चाळिशीच्या कारकुनातही. जिथे शिकणं सगळ्यांना जमलं, तिथे तासाचा हिशोब आधी झाला होता. कुठे मालकाच्या गरजेने, कुठे कायद्याच्या कलमाने, कुठे कराराने. जिथे तो झाला नाही, तिथे काही जण तरले आणि बाकीच्यांना आपण 'काळाबरोबर बदलले नाहीत' असं म्हणून मोकळे झालो.

एआयमुळे पुढच्या दोन-चार वर्षांत असे मेल आणखी येणार आहेत, तुम्हाला आणि मलाही. करार करायची ताकद आज आपल्याकडे नसेल, पण लिहून विचारायला संघटना लागत नाही. मी ठरवलंय की अशा मेलला नम्रपणे एक ओळीचं उत्तर द्यायचं आणि टीमलाही कॉपीत ठेवायचं: कोर्स नक्की करतो, फक्त त्याचे तास टाइमशीटमध्ये कोणत्या कोडखाली भरायचे, तेवढं कळवा.